साक्षीदार लिपमानचा शोध

झीगबर्ट लिपमानला इंग्रजांनी पकडलं तेव्हा तो दाढी करत होता. एका गालावर साबण, दुसरा गाल गुळगुळीत. लीड्समधल्या त्याच्या भाड्याच्या खोलीच्या दारात उभा असलेला पोलीस चांगला पन्नाशीचा होता, आणि आपण कुणाच्या तरी घरी भलत्या वेळी येऊन ठेपलोय म्हणून बिचारा ओशाळला होता.

"सावकाश उरका," तो म्हणाला. "अंगावरचे सोडून दोन दिवसांचे कपडे घ्या, म्हणजे झालं."

"दोनच दिवस?"

"साहेब तसं म्हणाले."

त्या दोन दिवसांचे सात महिने झाले. तो १९४० सालचा जून होता. फ्रान्स पडला होता आणि जर्मनीत जन्मलेला प्रत्येक पुरुष हा शत्रूच, असं इंग्रज सरकारने ठरवून टाकलं होतं. झीगबर्ट बावीस वर्षांचा होता. तू जर्मन नव्हेस, ज्यू आहेस, असं जर्मनीने त्याला पंधराव्या वर्षापासून ऐकवलं होतं, आणि एवढ्याने पटलं नसेल तर म्हणून पुढे पाच आठवडे बुखेनवाल्डच्या छावणीत डांबलं होतं. तिथून सुटून तो कसाबसा इंग्लंडला पोचला, शिवणकामाच्या कारखान्यात पँटींना इस्त्री करू लागला, तर आता इंग्रज त्याला सांगत होते की तू पक्का जर्मन आहेस. तो नक्की कोण यावर दोन्ही सरकारांचं पटत नव्हतं. त्याला तारेच्या कुंपणात ठेवावं यावर मात्र दोघांचं एकमत होतं.

कुंपण आइल ऑफ मॅन बेटावर होतं. समुद्रासमोर सुट्टीकरांसाठी बांधलेली हॉटेलांची रांग, आणि तिच्याभोवती काटेरी तार. नोंद करणाऱ्या कारकुनाने विचारलं, "याआधी छावणीत राहण्याचा अनुभव?"

"आहे. बुखेनवाल्ड."

"स्पेलिंग सांगा," कारकून म्हणाला आणि लिहिता लिहिता त्याने आपुलकीने विचारलं, "स्काउटांची होती का?"

मागे रांगेत उभा असलेला माणूस खो खो हसला. तो व्हिएन्नाचा पोल्डी ग्रुनहुट. धंद्याने छत्रीवाला, अंगाने किडकिडीत, जिभेला हाड नाही. झीगबर्टच्या वाट्याला आलेल्या अर्ध्या पलंगाचा उरलेला अर्धा भाग त्याचा निघाला.

"मला सांग," पहिल्याच संध्याकाळी पोल्डी म्हणाला, "या देशात वर्षाचे तीनशे दिवस पाऊस. इथे छत्रीवाल्याला डोक्यावर घेऊन नाचायला हवं. आणि हे मला कोंडतात! हिटलर निदान वेडा तरी आहे. यांना काय झालंय?"

"ते घाबरलेत."

"मला? अरे, मला माझी बायकोसुद्धा घाबरली नाही कधी."

भर हिवाळ्यात एक अधिकारी आला आणि म्हणाला, ज्यांना हिटलरशी लढायचंय त्यांनी सही करा. दोघांनी धावत जाऊन सह्या केल्या, राजाच्या नावाने शपथ घेतली. त्यांना गणवेश मिळाला, बूट मिळाले, आणि फावडी मिळाली. बंदूक नाही. कालपर्यंतच्या शत्रूच्या हातात बंदूक द्यायला सरकारचा जीव धजत नव्हता. पलटणीचं नाव मोठं होतं, काम मात्र खड्डे खणण्याचं. अडीच वर्षं ते वेल्समध्ये आणि स्कॉटलंडमध्ये खणत राहिले. त्या पलटणीत प्रोफेसर होते, दोन न्यायाधीश होते, एक हृदयविकाराचा नामवंत डॉक्टर होता. सगळे मिळून चुना कालवत.

"हिटलरला हे कळू देऊ नकोस," पोल्डी फावडं टेकवून म्हणायचा. "आपण त्याच्याविरुद्ध एकशे चाळीस संडास बांधलेत. ऐकूनच हाय खाईल तो."

मग एकदाची १९४३ साली इंग्रजांना अक्कल आली. जर्मन बोलणारे, जर्मनांना आतून ओळखणारे आणि जर्मनांवर दात ठेवून असणारे हजारो जवान आपण चुना कालवायला ठेवलेत, हे कुणाच्या तरी ध्यानात आलं. दोघांना लढाऊ तुकडीत घेतलं. फक्त नाव बदलायचं. पकडले गेलात तर ज्यू नावाची माणसं तिथल्या तिथे उडवतील, असं साहेबांनी समजावलं आणि टेबलावर टेलिफोनची डिरेक्टरी टाकली.

"दहा मिनिटं देतो. आद्याक्षरं तीच ठेवा, रुमालांवर भरलेली असतील."

झीगबर्टने डोळे मिटून बोट ठेवलं. झीगबर्ट इंग्रजीत 'एस'ने लिहितात, म्हणून तो सिडनी लॉकवुड झाला. पोल्डीने चार पानं चाळली, नाकं मुरडली, पोल्डी हे लाडाचं नाव, कागदावर त्याचं आद्याक्षर 'एल', म्हणून शेवटी लिओनार्ड ग्रॅहम घेतलं. धर्माच्या रकान्यात दोघांच्याही पुढे 'चर्च ऑफ इंग्लंड' पडलं. आईवडिलांची पत्रं, फोटो, सगळं साहेबांपाशी जमा करावं लागलं. खरं नाव कुणालाही सांगायचं नाही, सोबत्यांनाही नाही, असा हुकूम होता.

"वडील विचारतील, पोरा, तू लढलास तेव्हा नाव का नाही सांगितलंस?" बाहेर आल्यावर पोल्डी म्हणाला. "काय सांगू? दहाच मिनिटं होती म्हणून?"

१९४४ च्या ऑक्टोबरात ते हॉलंडमध्ये होते. आता दोघांकडेही बंदुका होत्या आणि दोघांनीही त्या चालवल्या होत्या. पण त्यांचं खरं काम जिभेचं होतं. ओढ्यापलीकडे ओरडून जर्मनांना शरण यायला सांगायचं, आलेल्यांना बोलतं करायचं. पोल्डीच्या व्हिएन्नी थट्टेपुढे भलेभले शरण येत. एकदा तर एक अख्खं ठाणं आलं होतं, सतरा माणसं.

त्या आठवड्याचा परवलीचा शब्द होता 'थिसल'. जर्मन जिभेला 'थ' जमत नाही, तिचा 'स' होतो, म्हणून कुणीतरी हुशारीने तो निवडला होता. पहाटेच्या टेहळणीहून पोल्डी दोन कैदी घेऊन परतत होता. दिवस वर आला तरी दाट धुकं होतं. पहाऱ्यावरच्या नव्या शिपायाने हटकलं. पोल्डी चांगला मोठ्याने म्हणाला, "सिसल!"

झीगबर्ट धावत गेला तेव्हा दोन्ही कैदी हात वर करून तसेच उभे होते आणि पोल्डी गवतात बसला होता. जखमेवर हात दाबून तो झीगबर्टकडे पाहत म्हणाला, "त्याला ओरडू नकोस हं. त्याने बरोबर केलं. माझं इंग्रजीच कच्चं."

त्याला दुपारी पुरलं. लष्करी पाद्र्याने येशूचं नाव घेऊन प्रार्थना म्हटली आणि वर लाकडी क्रूस रोवला, लि. ग्रॅहम. वडिलांकडून पाठ झालेली मृतांची ज्यू प्रार्थना झीगबर्टने ओठांतल्या ओठांत म्हटली. तिला दहा माणसं लागतात. तो एकटाच होता, आणि तोही कागदोपत्री ख्रिश्चन. नंतर पाद्र्याने त्याच्या खांद्यावर हात ठेवून विचारलं, "फार जुनी ओळख होती का?"

"त्याचं आणि माझं बारसं एकाच दिवशी झालं, फादर," झीगबर्ट म्हणाला. यात एक अक्षर खोटं नव्हतं.

पुढल्या वसंतात युद्ध संपलं आणि सार्जंट लॉकवुडची नेमणूक लष्करी प्रशासनात झाली, वेस्टफालियातल्या एल्मबाख गावी. नेमणूक करणाऱ्याला ठाऊक नव्हतं की त्याने माणसाला त्याच्याच गावी पाठवलंय. झीगबर्टने ते सांगितलं नाही. त्याला यायचंच होतं. आईवडिलांचं शेवटचं पत्र १९४१ साली रेडक्रॉसमार्फत आलं होतं, पंचवीस शब्दांचं.

त्याचे वरिष्ठ कॅप्टन पेटिफर हे डेव्हनचे वकील. माणूस सरळ, कामाने पिचलेला. गावातल्या प्रत्येकाने सव्वाशेच्या वर प्रश्नांचा फॉर्म भरून द्यायचा, त्यावरून नात्सी कोण आणि कोण नव्हे ते ठरवायचं, कामावर कोण राहील तेही ठरवायचं. सार्जंट लॉकवुडने फॉर्म भाषांतरित करायचे आणि खाली सही ठोकायची. महिन्याभरात त्याने सहाशे फॉर्म वाचले. त्यावरून एल्मबाखमध्ये नात्सी असा कुणी नव्हताच. शिवाय प्रत्येक घराने एकेका ज्यूला वाचवलं होतं. गावात मुळात ज्यू होते एकतीस.

एके सकाळी समोर व्हीगांड मास्तर येऊन बसले. लॅटिन आणि व्यायाम शिकवणारे. केस पिकले होते, पण पाठ तशीच ताठ. झीगबर्ट पंधरा वर्षांचा असताना व्यायामशाळेतल्या सगळ्या मुलांसमोर याच मास्तरांनी चिठ्ठी वाचली होती की आजपासून लिपमान आपल्यात नाही. आता समोर मिशी, चष्मा आणि इंग्रजी गणवेश होता. मास्तरांनी ओळखलं नाही.

"सार्जंटसाहेब, तुमचं जर्मन किती शुद्ध आहे हो!" ते म्हणाले. "थोडासा आमच्या इकडचा हेल आहे, पण इंग्रज माणसाच्या मानाने कमालच. कुठे शिकलात?"

"शाळेत. मास्तर कडक होते."

"तेच! कडक मास्तर हवेतच."

मास्तरांना हेडमास्तर व्हायचं होतं. फॉर्म स्वच्छ होता. पक्षात ते कधीच नव्हते; स्थानिक पुढाऱ्याशी शिकारी कुत्र्यावरून भांडण झालं आणि अर्ज मागे पडला, एवढंच. पण फॉर्मला त्यांनी एक पुरवणी जोडली होती. नोव्हेंबर १९३८ च्या ज्यूंविरुद्धच्या दंगलीच्या सकाळी कापडवाले मोरित्झ लिपमान आपल्या दुकानाच्या पायरीवर रक्तबंबाळ पडले होते, तेव्हा आपण जिवाची पर्वा न करता त्यांना दोन्ही हातांवर उचलून घरात नेलं, असं तीत होतं.

"याला साक्षीदार?" झीगबर्टने विचारलं.

"त्यांचा मुलगा. झीगबर्ट. माझा फार लाडका विद्यार्थी. तो असता तर माझ्या पाया पडला असता आज." मास्तरांचे डोळे खरोखरच भरून आले. "पण आता कुठे शोधणार? कानावर काहीबाही येतं..."

त्या सकाळी झीगबर्ट खिडकीत होता. त्याला न्यायला आलेले लोक जिना चढत होते, वडील पायरीवर पडले होते, आणि व्हीगांड मास्तर समोरच्या फुटपाथवर सायकल धरून उभे होते. रस्ता मोकळा होईपर्यंत ते थांबले. मग घड्याळ पाहून सायकलवर बसले आणि शाळेला गेले. आठाला लॅटिनचा तास असायचा.

कॅप्टन पेटिफरना पुरवणी फार आवडली. "लॉकवुड, एवढा एक माणूस तरी सापडला. पण पुरावा हवा. या लिपमानचा शोध घ्या. जीप घ्या, कुठलीही दफ्तरं उघडा. मी परवाना लिहून देतो."

अशा रीतीने झीगबर्ट लिपमान सरकारी खर्चाने स्वतःला शोधायला निघाला.

पहिल्यांदा तो नगरपालिकेत गेला. दफ्तरदाराने अदबीने कपाट उघडलं. "आमच्याकडे सगळं जागच्या जागी असतं," तो अभिमानाने म्हणाला. आणि होतं. गावातून नेलेल्या ज्यूंची सुबक अक्षरात यादी होती, १९४१ चा डिसेंबर, बीलेफेल्डहून रीगाच्या छावणीकडे जाणारी गाडी. अनुक्रमांक अकरा, मोरित्झ लिपमान. अनुक्रमांक बारा, हेनी लिपमान. शेरा: परत येणे नाही. झीगबर्टने ती ओळ दोनदा वाचली. मग वही मिटली, नीट जागेवर ठेवली, आणि दफ्तरदाराला धन्यवाद म्हणून बाहेर पडला. जीप तिथेच उभी राहिली.

तो पायीच निघाला. आपल्या जुन्या घरासमोर तो थांबला नाही. मागच्या गल्लीत एमरिश धोबीण राहायची. अंगणात ती टबावर वाकली होती. त्याला पाहून तिने हात झटकले आणि सरळ म्हणाली, "लिपमानांचा झीगबर्ट. अजून तसेच पाय फेंगडे टाकतोस."

गेल्या दोन वर्षांत त्याला कुणी या नावाने हाक मारली नव्हती, पोल्डी सोडून.

"कसं ओळखलंत?"

"तुझे लंगोट धुतलेत मी. बस. खायला काही नाही, कॉफी आहे, तीही चिकोरीची."

तो पायरीवर बसला. तिने न विचारताच सांगायला सुरुवात केली. शेवटचं दीड वर्ष ज्यूंना दुकानात काही मिळायचं नाही. ती कपड्यांच्या टोपलीत तळाशी बटाटे घालून न्यायची. नेण्याच्या दिवशी आईने कपडे भिजत घातले होते.

"पोलीस आले तेव्हा म्हणते कशी, एमरिशबाई, चादरी पिळायच्या राहिल्यात. मी म्हटलं, जा तू, बघते मी. सगळं धुतलं, वाळवलं, इस्त्री केली. मग द्यायचं कुणाला?" तिने ओले हात एप्रनला पुसले. "चादरी मी वापरल्या, खोटं नाही सांगत. बॉम्बमधून वाचलेली माणसं आली होती घरात. तुझ्या बापाचे दोन शर्ट आहेत. ते ठेवलेत."

"तुम्ही हे फॉर्ममध्ये का नाही लिहिलंत?"

"कोणत्या रकान्यात? बटाट्यांचा रकाना होता का? विचारलं होतं, नात्सी बायकांच्या मंडळात होतात का. होते. नसते तर इस्पितळातली धुलाई सुटली असती. 'होय' लिहिलं. काल तुमचा कागद आला, कामावरून काढलं म्हणून." तिने एप्रनच्या खिशातून तो काढला. खाली सही होती: एस. लॉकवुड, सार्जंट. "हा लॉकवुड कोण रे? भला माणूस असला तर जरा सांग की त्याला."

दुसऱ्या दिवशी झीगबर्ट कॅप्टनपुढे उभा राहिला. "साहेब, लिपमान सापडला."

"वा! कुठे आहे?"

"इथेच. मीच."

कॅप्टन पेटिफरनी हातातलं पेन खाली ठेवलं. मग त्यांनी वकिलाला साजेसा पहिला प्रश्न विचारला. "तुम्हाला ब्रिटिश नागरिकत्व मिळालंय?"

"अर्ज केलाय, साहेब."

"म्हणजे कायद्याने तुम्ही आजही शत्रुदेशीय. आणि पाच आठवडे मी तुम्हाला गुप्त फायली वाचायला देतोय." त्यांनी कपाळ चोळलं. "हे आपण दोघांनीही ऐकलेलं नाही. व्हीगांडना बोलवा."

मास्तर आले. कॅप्टनने सांगितल्यावर ते क्षणभर पांढरेफटक पडले. झीगबर्टला वाटलं, आता हे खाली बघतील. मास्तर उठले आणि दोन्ही हात पसरून पुढे आले. "झीगबर्ट! पोरा! तू जिवंत आहेस! देवाची कृपा! सांग, सांग यांना सगळं!"

त्यात नाटक नव्हतं. तेच भयंकर होतं. सात वर्षांत मास्तरांनी ती गोष्ट मनाशी इतक्यांदा उगाळली होती की आपण मोरित्झ लिपमानला उचललं होतं यावर त्यांचा आता विश्वास बसला होता.

"मास्तर, तुम्ही समोरच्या फुटपाथवर होतात," झीगबर्ट म्हणाला. "सायकल होती हातात."

"फुटपाथवर... हो, आधी फुटपाथवर. मग..." मास्तर गोंधळून त्याच्याकडे पाहू लागले, जणू पुढचं त्यानेच आठवून द्यायचं होतं.

झीगबर्टने साक्ष लिहून दिली. रागाने तीन कागद फाडून झाल्यावर चौथ्यावर त्याने फक्त खरं तेवढंच लिहिलं. श्री. व्हीगांड यांनी त्या दिवशी आमच्याविरुद्ध काहीही केले नाही. त्यांनी आमच्यासाठीही काहीही केले नाही. ते पाहत उभे होते, मग निघून गेले. श्रीमती एमरिश यांनी दीड वर्ष माझ्या आईवडिलांना बटाटे पोचवले.

कॅप्टनने वाचलं आणि पहिल्या वाक्याखाली निळ्या पेन्सिलीने रेघ मारली. "काहीही केलं नाही! लॉकवुड, या अख्ख्या जिल्ह्यात एवढं स्वच्छ प्रशस्तिपत्र मला दुसरं मिळालेलं नाही."

"साहेब, ते खोटं बोललेत. लिहून."

"वाढवून बोललेत. सध्या सगळेच बोलतात. तेवढ्यावर काढायचं ठरवलं तर शाळा कुणाकडून चालवू? माझ्याकडे लॅटिन शिकवणारे इंग्रज नाहीत." मग आवाज उतरवून ते म्हणाले, "मला कळत नाही असं समजू नका."

"आणि एमरिशबाई?"

"तिने 'होय' लिहिलंय. त्याला मी काय करू? बटाट्यांबद्दल सांगणारा एकच, तोही ऐकीव, आणि कायद्याने शत्रू."

ऑगस्टमध्ये व्हीगांड मास्तर हेडमास्तर झाले. आपल्या पहिल्या भाषणात त्यांनी लिपमान कुटुंबाची आठवण काढली, आणि ती काढताना त्यांचा कंठ दाटून आला, असं ऐकणारे सांगत होते. झीगबर्ट त्या वेळी लष्करी छावणीच्या कोठारात होता. कायद्याची कलमं कॅप्टनच्या हातात होती, पण सार्जंटांच्या मेसचे कपडे कुणाकडे धुवायला द्यायचे हे सार्जंटाच्या हातात होतं, आणि त्याला फॉर्म लागत नव्हता. दर सोमवारी जीप एमरिशच्या अंगणात थांबू लागली. साबण लष्कराचा, कोळसा लष्कराचा, दुपारचं जेवणही लष्कराचं. कॅप्टनना ते ठाऊक होतं. त्यांचे शर्टही त्याच गठ्ठ्यात असत.

एका सोमवारी कपडे तयार नव्हते. बाईचं मनगट सुजलं होतं आणि चादरी टबात तशाच पडल्या होत्या. झीगबर्टने कोट काढून खुंटीला अडकवला, बाह्या सारल्या आणि चादरीचं एक टोक धरलं. दुसरं बाईने बऱ्या हाताने धरलं. दोघं पिळू लागले, पण चादर पिळलीच जाईना. दोघंही एकमेकांचा पीळ उलगडत होते.

"अगदी आईवर गेलायस," एमरिश वैतागून म्हणाली. "ती डावखुरी. तिच्याबरोबर पिळायचं म्हणजे माझंच डोकं फिरायचं. वीस वर्षं सांगितलं, हेनी, दुसऱ्या बाजूने. कुठलं ऐकायला!"

"मग तुम्ही काय करायचात?"

"काय करणार? मीच हात बदलायची."

तिने सुजलेलं मनगट सावरत पकड बदलली. झीगबर्टने पुन्हा पीळ दिला. या वेळी पाणी सरसरून फरशीवर पडलं, त्याचे बूट भिजले, आणि तो पिळत राहिला, थेंब पडायचे थांबल्यावरही, शेवटी बाई म्हणाली, "अरे पुरे, फाटेल ती."